वनहक्काचा दावा: खिशाला किती पडतो?

अकोले तालुक्यात डोंगरउतारावरचं नागली-वरईचं रान महादेव कोळी आणि ठाकर कुटुंबं पिढ्यान्‌पिढ्या कसत आली, पण अनेकांच्या सातबाऱ्यावर नाव वन विभागाचंच आहे. २००६ च्या वनहक्क कायद्यानं हे कसणं हक्क म्हणून मान्य केलं. त्याच्या अंमलबजावणीसाठी एप्रिल २०२३ मध्ये इथल्या शेतकऱ्यांना अकोल्याहून लोणीकडे पायी निघावं लागलं. दाव्याला सरकारी फी एक रुपयाही नाही. तरी ‘फाईल सरकवायला’ पैसे मागणारे भेटतात. म्हणून हा हिशेब.

कशाला किती?

- दाव्याचा नमुना: मोफत. तो विनामूल्य मिळेल हे पाहणं उपविभागीय समितीचं काम आहे.
- वनहक्क समितीची स्थळपाहणी: शुल्क नाही. खासगी मोजणीदाराची सक्ती नाही.
- जातीच्या दाखल्याचं प्रतिज्ञापत्र: मुद्रांक शुल्क माफ, साधा कागद चालतो. सेवा केंद्राचा दर फलकावर पाहूनच द्या आणि पावती घ्या.
- डिजिटल सहीचा सातबारा: १५ रुपये.
- माहिती अधिकाराचा अर्ज: १० रुपयांचं कोर्ट फी तिकीट, प्रतींना पानामागे २ रुपये. दारिद्र्यरेषेखालील अर्जदाराला फी नाही.
- झेरॉक्स, एसटी आणि बुडालेली मजुरी: खरा खर्च हाच. घाटघर-रतनवाडीच्या माणसाचा संगमनेरच्या प्रांत कार्यालयात एक हेलपाटा म्हणजे पूर्ण दिवस. गावातल्या दावेदारांनी कागद एकत्र करून एकालाच पाठवलं, तर बाकीच्यांचा रोज वाचतो.

पुरावा कोणता?

आदिवासी दावेदाराचा ताबा १३ डिसेंबर २००५ पूर्वीचा हवा. एकाहून जास्त पुरावे जोडा. वन विभागाच्या दंडाची जुनी पावती असेल तर जपून ठेवा. ज्या कागदानं तुम्हाला अतिक्रमणदार ठरवलं, तोच तुमचा ताबा सिद्ध करतो. पावती नसेल तर केवळ तेवढ्यावरून दावा फेटाळता येत नाही. दगडी बांध, सपाट केलेली खाचरं, जुनं घर हेही पुरावेच. गावातल्या, स्वतः दावेदार नसलेल्या वडीलधाऱ्यांचा लेखी जबाब चालतो, आणि त्याला खर्च काहीच नाही. उपग्रह छायाचित्र जोडीला घ्या. ते नाही म्हणून दावा अडत नाही.

कागद कसा फिरतो?

दावा गावाच्या वनहक्क समितीकडे द्या आणि पोच तिथेच घ्या. समिती जागा पाहते, ग्रामसभा ठराव करते. ग्रामसभेला निम्मे सदस्य हजर हवेत, त्यांत किमान एक तृतीयांश महिला. पुढे प्रांताधिकाऱ्यांची उपविभागीय समिती आणि शेवटी जिल्हाधिकाऱ्यांची जिल्हास्तरीय समिती. अडलं तर राजूरच्या एकात्मिक आदिवासी विकास प्रकल्प कार्यालयात विचारा. कळसूबाई-हरिश्चंद्रगड अभयारण्यातली गावंही या कायद्यातून वगळलेली नाहीत.

नामंजूर झाला तर?

कारण लेखी मागा. ते देणं बंधनकारक आहे. ग्रामसभेच्या ठरावाविरुद्ध उपविभागीय समितीकडे, तिच्या निर्णयाविरुद्ध जिल्हा समितीकडे ६० दिवसांत जाता येतं. अनुसूचित क्षेत्रातल्या गावांना १८ मे २०२० च्या राज्यपालांच्या अधिसूचनेनं विभागीय आयुक्तांच्या समितीचं दारही उघडलं आहे. ‘तोंडी नकार’ कुणी दिला तर तो नकार धरू नका. ६० दिवस मोजायला तारखेचा कागद लागतो.

पट्टा मिळाल्यावर

प्रत्यक्ष ताब्याइतकं, जास्तीत जास्त ४ हेक्टर क्षेत्र मिळतं. ते वारसांना जातं, पण विकता येत नाही; म्हणून पट्ट्यावरची जमीन ‘घेतो’ म्हणणाऱ्याकडून इसार घेऊ नका. पट्टा हातात पडताच नवरा-बायको दोघांची नावं, क्षेत्र आणि चतुःसीमा वाचून घ्या. चूक असेल तर त्याच दिवशी लेखी अर्ज देऊन पोच घ्या. महसूल आणि वन विभागाच्या दप्तरी नोंद तीन महिन्यांच्या आत व्हायला हवी. नाही झाली, तर वर सांगितलेलं १० रुपयांचं तिकीट पुन्हा कामाला येतं.