वेळवंडीच्या पाण्यातील देऊळ

भाविकाला स्वप्नात देवाचा दृष्टांत व्हावा, त्याने सांगितलेल्या जागी खणावे, तेथे मूर्ती सापडावी आणि मग गावाने देऊळ बांधावे, अशी कथा महाराष्ट्रातील पुष्कळ देवस्थानांविषयी सांगितली जाते. आधी स्वप्न आणि मागाहून देऊळ, असा हा क्रम असतो. भोर तालुक्यातील कांबरे गावच्या कांबरेश्वराच्या बाबतीत मात्र हा क्रम उलटा झाला. तेथे देऊळ आधी होते. पुढे त्याचेच स्वप्न झाले.

पुणे जिल्ह्याच्या नैर्ऋत्येस भोर व वेल्हे हा सह्याद्रीचा डोंगराळ मुलूख आहे. वेल्हे भागातील राजगडावर उभे राहून दक्षिणेकडे पाहिले, म्हणजे डोंगरांच्या कुशीत दूरवर पसरलेले पाणी दिसते. ते भाटघर धरणाचे पाणी होय. वेळवंडी नदी या खोऱ्यातून वाहत जाऊन नीरेला मिळते. ती मिळण्यापूर्वीच भाटघर येथे तिला अडविले आहे. त्या पाण्यात कांबरेश्वराचे दगडी देऊळ उभे आहे. वर्षातील बहुतेक महिने ते कोणाच्याही दृष्टीस पडत नाही. उन्हाळ्याच्या अखेरीस धरण आटू लागले, की प्रथम त्याचा माथा दिसतो, मग भिंती दिसतात आणि शेवटी गाळाने भरलेले अंगण उघडे पडते.

हे देऊळ पांडवांनी बांधले, असे लोक म्हणतात. जुने दगडी बांधकाम दिसले, की त्याचे श्रेय पांडवांना देण्याची आपल्याकडे रीतच आहे! परंतु बांधणारे कोणीही असोत, अशा शिवालयांची रचना करणाऱ्या कारागिरांना माणसाच्या मनाची उत्तम पारख होती, यात संशय नाही. डोळे मिटताच मनुष्य एकदम झोपी जात नाही. बाहेरचे आवाज मंदावतात, विचार सैल होतात आणि मग हळूहळू निद्रा येते. जुन्या देवळातील वाटही अशीच पायरीपायरीने आत नेते. बाहेर लख्ख ऊन असते. सभामंडपात शिरताच ते खांबांच्या सावलीत विरते. पुढे अंतराळ, म्हणजे मंडप व गाभारा यांमधील अरुंद जागा; तेथे उजेड आणखी कमी होतो. गाभाऱ्याचे दार ठेंगणे असल्यामुळे मान आपोआप लवते. पुष्कळ ठिकाणी गाभाऱ्याची जमीनही मंडपाहून खोल असते. आत खिडकी नसते. जाड दगडी भिंतींमुळे गारवा असतो, आणि हळू उच्चारलेला शब्दही घुमतो. समईच्या ज्योतीपलीकडे काही दिसत नाही. घाईघाईने आलेल्या माणसाचा आवाजही तेथे आपसूक खाली येतो. त्याला कोणी गप्प राहण्यास सांगितलेले नसते. ते काम दगडाने केलेले असते.

भाटघरचे पहिले धरण एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस झाले. ते अपुरे पडू लागल्यावर तेथे अधिक उंच व भक्कम धरण बांधण्यात आले, आणि ते १९२८ साली पूर्ण झाले. या दगडी धरणाची लांबी दीड किलोमीटरहून अधिक आहे. नीरेच्या डाव्या कालव्याने बारामती व इंदापूर आणि उजव्या कालव्याने फलटण व माळशिरस या कोरड्या भागांना पाणी मिळू लागले. जेथे पावसाची वाट पाहत बाजरी पेरली जात असे, तेथे ऊस उभा राहिला. परंतु त्या पाण्याखाली गेलेली काठची कसदार जमीन वेळवंडीच्या खोऱ्यातील शेतकऱ्यांची होती. घरे डोंगराच्या उतारावर नेता आली. जमीन नेता आली नाही आणि देऊळही नेता आले नाही. बारामतीच्या उसाच्या मळ्यात उभ्या असलेल्या मनुष्याला या देवळाचे नावही ठाऊक असेलच असे नाही.

इतकी वर्षे पाण्यात राहून देऊळ टिकले कसे, असा प्रश्न साहजिकच मनात येतो. खोल, स्थिर पाण्यात जड दगडाला फारसा धोका नसतो. खरा धोका असतो तो पाणी चढताना आणि उतरताना. त्या दिवसांत लाटा भिंतीवर एकसारख्या आदळतात, सांध्यांतील चुना धुऊन नेतात, आणि ओला दगड उन्हात तापून पुन्हा भिजतो. म्हणून जे दिवस दर्शनाचे, तेच देवळाच्या झिजण्याचेही असतात.

ते थोडे दिवस खोऱ्यात लगबगीचे असतात. लोक गाळातून वाट काढीत येतात, शिवलिंगावरील चिखल धुतात, बेल वाहतात. एखादी आजी नातवाला हात धरून आणते. तिनेही हे देऊळ कोरड्या अंगणासह वर्षभर पाहिलेले नसते. तिच्या आजीने सांगितले, तेवढेच तिला ठाऊक. गाभाऱ्यात शिरताच नातवाची बडबड थांबते. त्या काळोखाचा गुण पाण्याने हरण केलेला नाही.

मग डोंगरावर मृगाचे ढग जमतात. सरींमागून सरी कोसळू लागतात आणि वेळवंडी गढूळ होऊन वाहते. पाणी अंगणात शिरते, उंबरठा ओलांडते, गाभाऱ्यातील विझल्या पणतीपर्यंत पोहोचते. पुढे माथाही दिसेनासा होतो, आणि त्यावरून पाऊस पडत राहतो.