घारापुरीची सहल : एका दिवसाचा पाठ

आपल्या जिल्ह्यातील काही शाळा सातवी-आठवीच्या मुलांची वार्षिक सहल मुंबईस नेतात. गोंदियाहून दुपारी विदर्भ एक्सप्रेसमध्ये बसावे आणि सुमारे हजार किलोमीटर प्रवास करून दुसऱ्या दिवशी सकाळी मुंबईस उतरावे, असा क्रम असतो. या सहलीची वर्गणी पालकांनी धान विकून किंवा तेंदूपानाच्या हंगामातील मजुरीतून बाजूस काढून ठेवलेली असते. बरोबर आलेल्या मुलांपैकी कित्येकांना समुद्र पुन्हा दिसेलच असे नाही. अशा सहलीत बहुधा एक दिवस घारापुरीच्या बेटासाठी राखलेला असतो. त्या दिवसाचा पाठ कसा घ्यावा, याविषयी काही विचार शिक्षकबंधुभगिनींपुढे ठेवावयाचे आहेत.

पाठ हा शब्द येथे जाणीवपूर्वक योजिला आहे. एका शाळेची ऐंशी मुले घारापुरीस जाऊन आल्यावर त्यांच्या वर्गात बसण्याचा योग प्रस्तुत लेखकास आला होता. तेथे काय पाहिले, असे विचारता पहिले उत्तर आले, ‘माकडे’. दुसरे आले, ‘छोटी आगगाडी’. लेण्यांविषयी एका मुलीने एवढेच सांगितले की, आत फार अंधार होता आणि सर शिट्टी वाजवीत होते. मुलांचा यात दोष नाही. ऐंशी मुलांची रांग एका दालनातून पाऊण तासात नेली, तर शिट्टीखेरीज दुसरे साधन शिक्षकाच्या हाती उरत नाही.

मोठा समुदाय लहान गटांत विभागून प्रत्येक गटास जाणता मार्गदर्शक द्यावा, ही रीत आपणांस दूर जाऊन शिकण्याचे कारण नाही. ती नागझिऱ्यास रोज पाहावयास मिळते. नागझिरा हे १९७० मध्ये अभयारण्य झाले व २०१३ मध्ये नवेगाव-नागझिरा व्याघ्र प्रकल्पात समाविष्ट झाले. चोरखमारा, पिटेझरी, मंगेझरी यांपैकी कोणत्याही फाटकावर पाहावे. एका जिप्सीत सहा प्रवासी बसतात आणि त्यांच्यासोबत परिसरातलाच एक तरुण मार्गदर्शक म्हणून जातो. हा तरुण चांगला असेल तर तो सारखा बोलत नाही. वाटेवर पाऊल उमटलेले दिसले की तो गाडी थांबवितो, प्रवाशांना ते पाहू देतो, ‘हे कोणाचे असावे?’ म्हणून विचारतो, आणि मग सांगतो. वाघ दिसला नाही तरी त्याच्या गटातील माणसे रिकाम्या हातांनी परतत नाहीत, कारण त्यांनी माग वाचलेला असतो. घारापुरीच्या लेण्यात शिक्षकाने हेच करावयाचे आहे. शक्य असेल त्या शाळेने सहलीपूर्वी या मार्गदर्शकांपैकी एखाद्यास शाळेत बोलवावे व तो लोकांना कसे दाखवितो हे सहलीस जाणाऱ्या शिक्षकांनी त्याच्याकडून समजून घ्यावे. त्यात कमीपणा मानण्यासारखे काही नाही.

गट दहा-बारा मुलांचा असावा व प्रत्येक गटास एक शिक्षक असावा. शिक्षक कमी पडत असतील तर मुले कमी न्यावीत, हे स्पष्टच सांगितलेले बरे. बेटावर वाटाडे मिळतात. परंतु मुलांची भाषा व त्यांचे पूर्वज्ञान जाणणारा शिक्षक त्यांच्यापेक्षा अधिक उपयोगी पडतो. मात्र त्याने आधी अभ्यास केला पाहिजे.

पूर्वतयारीची सुरुवात ‘बेट’ या शब्दापासूनच करावी. जंगलाकाठच्या मुलास बेट म्हणताच बांबूचे बेट आठवते, आणि ते चूक नाही. त्याच शब्दाचा दुसरा अर्थ समजावण्यासाठी नकाशापेक्षा गावचा तलाव बरा. पावसाळ्यानंतर तलाव किंवा बोडी भरली की मधला उंचवटा चोहोंकडून पाण्याने वेढला जातो. मुले त्यास टापू म्हणतील, म्हणू द्यावे. घारापुरी हाही टापूच आहे. फरक इतकाच की, त्याच्याभोवतीचे पाणी खारे आहे आणि ते दिवसातून दोनदा चढते व उतरते. भरती-ओहोटीचा धडा पुस्तकात वाचलेल्या मुलास धक्क्यावरच्या ओल्या रेषेपाशी उभे केले की तो धडा पुन्हा शिकवावा लागत नाही.

दुसरी तयारी दगडाची. आपल्या जिल्ह्यातील पुष्कळ मुले माघ पौर्णिमेस सालेकसा तालुक्यातील कचारगडच्या यात्रेला जातात. तेथील विशाल गुहा निसर्गाने घडविलेली आहे. घारापुरीची लेणी माणसाने छिन्नीने कोरलेली आहेत. गुहा आणि लेणे यांतील हा भेद मुलांच्या तोंडून काढून घ्यावा. घारापुरीचा दगड काळा बेसाल्ट आहे. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी ज्वालामुखीचा लाव्हा थरावर थर पसरून तो तयार झाला. तो थर पूर्वेकडे नागपूरच्या आसपास संपतो. आपल्या भागातील खडक त्याहून कितीतरी जुने आहेत. घरून निघताना प्रत्येक गटाने आपल्या गावचा एक दगड बरोबर न्यावा आणि बेटावर तो तेथील दगडाशेजारी ठेवून पाहावा. तेथला दगड मात्र उचलून आणू नये.

सोमवारी लेणी बंद असतात. ही साधी गोष्ट न पाहता सहलीचे दिवस ठरविल्याने निराश होऊन परतलेल्या शाळा आहेत. पंधरा वर्षांखालील मुलांस लेण्यांचे प्रवेशशुल्क पडत नाही. वयाचा पुरावा सोबत असावा. गेटवे ऑफ इंडियापासून बेट सुमारे दहा किलोमीटर आहे व लाँचने तासाभराचा प्रवास होतो. सकाळच्या पहिल्या लाँचने निघणे सर्वांत उत्तम. तेव्हा गर्दी कमी असते, आणि पुढे सांगितलेला पाठ गर्दीत घेता येत नाही.

पाण्यावरील सुरक्षेविषयी कोणतीही सवलत देऊ नये. १८ डिसेंबर २०२४ रोजी याच बेटाकडे निघालेल्या प्रवासी होडीस मुंबई बंदरात एका वेगवान नौकेची धडक बसली व त्यात अनेकांनी प्राण गमावले. प्रत्येक मुलाच्या अंगात जीवरक्षक जाकीट घालून ते नीट बांधले आहे, हे गटाच्या शिक्षकाने हात लावून पाहावे; नुसते विचारू नये. जाकिटे पुरेशी नसतील तर त्या लाँचमध्ये चढू नये. होडी खचाखच भरली असेल तर ती सोडून पुढच्या होडीची वाट पाहावी. तलावात पोहणाऱ्या मुलांना स्वतःविषयी फाजील विश्वास असतो. समुद्र तलाव नव्हे, हे त्यांना आदल्या दिवशीच सांगावे.

बेटावर उतरल्यावर सुमारे १२० पायऱ्या चढून मुख्य लेण्यापाशी येता येते. दुतर्फा दुकाने आहेत. खरेदीची वेळ परतीच्या वाटेवर ठेवावी, नाहीतर मुलांचे चित्त वर पोहोचतच नाही. लेण्याच्या दाराशी गट वेगळे करावेत व त्यांना एकामागून एक न पाठविता वेगवेगळ्या मूर्तींपाशी पाठवावे, म्हणजे आवाजात आवाज मिसळत नाही. आत शिरताच काही बोलू नये. डोळे अंधारास सरावेपर्यंत दोन मिनिटे मुलांना निमूट उभे करावे. हळूहळू खांब दिसू लागतात, आणि मग समोरच्या भिंतीतून तो भव्य मुखवटा पुढे येतो. या दोन मिनिटांचा परिणाम कोणत्याही व्याख्यानाने साधणार नाही.

आता एक प्रश्न विचारावा : हे खांब कोठून आणले असतील? बहुतेक मुले खाली डोंगराकडे बोट दाखवितील. खांब आणलेले नाहीत. खांबांच्या भोवतालचा दगड काढून टाकला म्हणून ते उरले आहेत. कारागिरांनी येथे रचले काहीच नाही, फक्त वगळले आहे. काही मोडलेले खांब मात्र अलीकडच्या काळात दुरुस्तीत नव्याने बांधले गेले. त्यांचे सांधे शोधण्याचे काम मुलांना द्यावे; ती ते आनंदाने करतात. याच ओघात दुसरे कोडे घालावे. उत्तरेच्या दारातून आल्यास समोर दक्षिण भिंतीवरील शिवमूर्ती येते. परंतु पूर्वेच्या बाजूने पाहिल्यास दृष्टी पश्चिमेकडील शिवलिंगाच्या गाभाऱ्याकडे जाते. गाभाऱ्यास चार दिशांना चार दारे असून प्रत्येक दारी दोन द्वारपाल आहेत. एकाच दालनात असे दोन रस्ते एकमेकांस छेदतात. ते कोठे छेदतात, तेथे प्रत्येक मुलाने जाऊन उभे राहावे.

मूर्ती सगळ्या पाहण्याचा हट्ट धरू नये. मोठे शिल्पपट नऊ आहेत. एका गटास तीन पुरेत. त्यांत दक्षिण भिंतीवरील मूर्ती असावीच. तिची उंची सुमारे अठरा ते वीस फूट आहे. तिला त्रिमूर्ती म्हणतात व ती ब्रह्मा, विष्णू, महेश यांची आहे असे अनेक जण सांगतात. अभ्यासकांच्या मते ती पंचमुखी सदाशिवाची आहे. चौथे मुख मागे व पाचवे वर असे मानावयाचे. मधले मुख शांत आहे. आपल्या डाव्या हाताचे अघोर, म्हणजे उग्र. उजव्या हाताचे सौम्य, स्त्रीसुलभ, आणि त्याच्या हाती कमळ आहे. अर्थ सांगण्यापूर्वी मुलांनी तिन्ही चेहऱ्यांचे ओठ पाहावेत आणि कोणता रागावला आहे ते स्वतः ठरवावे. अघोराच्या हातात नाग आहे. नाग व झिरा, म्हणजे नागाचे देऊळ आणि डोंगरातून अखंड पाझरणारा झरा, यांवरून नागझिरा हे नाव पडले असे सांगतात. त्या परिसरातील मुलांना हा नाग शोधण्यास सांगितले तर तो त्यांना आपलाच वाटेल.

सदाशिवाच्या एका बाजूस अर्धनारीश्वर व दुसऱ्या बाजूस गंगाधर आहे. ज्यांना वेळ आहे त्यांनी रावण कैलास हलवितो तो पट पाहावा. येथे एक सूचना करणे भाग आहे. गोंड समाजातील काही लोक रावणास आपला पूर्वज मानतात. आपल्या वर्गांत त्या घरांतील मुले असतात. कथा सांगताना थट्टेचा सूर लावू नये. रावणाची ताकद शिल्पकारानेही लपविलेली नाही, तीच दाखवावी.

पुष्कळ मूर्तींचे पाय व हात तुटलेले आहेत. ‘हे पोर्तुगीजांनी गोळ्या घालून फोडले’ असे सांगून मोकळे होण्याचा मोह शिक्षकास पडतो. त्या सैनिकांनी नासधूस केल्याचे सांगितले जाते. परंतु पाणी मुरल्याने व दगडातील भेगांनीही मूर्ती झिजतात. आणि भिंतीवर खिळ्याने कोरलेली अलीकडची नावे तर कोणत्याही पोर्तुगीजाची नाहीत. ती नावे मुलांना अवश्य दाखवावीत.

वरच्या वर्गांतील मुलांसाठी या लेण्यात आणखी एक मोठा पाठ आहे, तो पुराव्याचा. लेणी कोणी खोदली हे सांगणारा लेख आज तेथे नाही. दारापाशी एक शिलालेख होता व तो काढून पोर्तुगालच्या राजाकडे पाठविला, असे पोर्तुगीज इतिहासकारानेच लिहून ठेवले आहे. पुढे त्याचा पत्ता लागला नाही. मग सहावे शतक कशावरून सांगतात? कलचुरी राजा कृष्णराज याची नाणी बेटावर सापडली, आणि मूर्तींची घडण त्या काळाशी जुळते, यावरून. कलचुरींच्या कोरीव लेखांचा मोठा ग्रंथ नागपूरचे महामहोपाध्याय वासुदेव विष्णु मिराशी यांनी संपादिला व तो १९५५ मध्ये प्रसिद्ध झाला, ही गोष्ट विदर्भातील मुलांना ठाऊक असावी. नागझिऱ्यात पावलावरून जनावर ओळखतात. येथे नाण्यावरून राजा ओळखावयाचा आहे. दोन्हीकडे प्रत्यक्ष धनी निघून गेलेला असतो.

बेटाचे एलिफंटा हे नाव पोर्तुगीजांनी धक्क्याजवळच्या एका दगडी हत्तीवरून ठेवले. हा हत्ती आता बेटावर नाही. तो ढासळल्यावर १८६४ मध्ये मुंबईस आणला गेला व १९१४ मध्ये त्याचे तुकडे पुन्हा जोडण्यात आले. भायखळ्याच्या जिजामाता उद्यानात, भाऊ दाजी लाड संग्रहालयाच्या बाजूस, तो उभा आहे. प्राणी पाहण्यासाठी बहुतेक सहली राणीच्या बागेत जातातच. त्या दिवशी मुलांना हा हत्ती दाखवावा. त्याच्या अंगावरील सांधेही त्यांनी मोजावेत.

परतण्यापूर्वी अर्धा तास बेटावरील वस्तीसाठी द्यावा. शेतबंदर, मोराबंदर व राजबंदर ही तीन गावे तेथे आहेत. १९८७ मध्ये लेण्यांस जागतिक वारशाचा मान मिळाला. गावांत समुद्राखालील तारेतून नियमित वीज आली ती २०१८ मध्ये. मधली एकतीस वर्षे हा हिशेब मुलांनाच करू द्यावा. जंगलाकाठच्या गावातील मुले त्यावर जे बोलतील ते शिक्षकाने टिपून घ्यावे.

शाळेत परतल्यावर ‘माझी सहल’ हा ठरावीक निबंध देऊ नये. प्रत्येक गटाने आपण पाहिलेल्या तीन मूर्तींपैकी एकीचे चित्र काढावे व खाली पाच वाक्ये लिहावीत. दुसऱ्या गटाने ती वाचून प्रश्न विचारावेत. हे काम परतल्यापासून दोन-तीन दिवसांत व्हावे, पुढे तपशील पुसट होतो. ही चित्रे व गावच्या दगडाविषयीच्या नोंदी एका वहीत लावून शाळेत ठेवाव्यात. पुढील वर्षीच्या तुकडीची पूर्वतयारी त्या वहीवरून सुरू करता येईल, आणि तिच्यातील चुका तीच तुकडी बेटावर जाऊन दुरुस्त करील.