आजीची पाटली

सांगली

चि. मुक्ता हिस,
अनेक आशीर्वाद.

नानींचा भाचा काल मुंबईहून आला. आजीची पाटली गहाण ठेवून तू खोलीचं डिपॉझिट भरलंस, असं तो म्हणतो. खरं आहे का? आणि भर उन्हाळ्यात ज्या सिनेमासाठी राबलीस, त्याचा एक रुपयाही हातात नाही? करार केला होतास ना?

“सगळे मित्रच आहेत गं आत्या,” असं दिवाळीत म्हणाली होतीस. मित्र आहेत म्हणूनच लिहून घ्यायचं. मानधन किती, कधी, ओटीटीला विकला गेला तर तुझा वाटा किती. पूर्वी नट डबिंगला अडून पैसे काढायचे. तुमच्यात सिंक साउंड, म्हणजे आवाज शूटिंगलाच टिपलेला, तीही सोय नाही. ‘कोर्ट’ला २०१४ साली व्हेनिसमध्ये पुरस्कार मिळाला, तरी आपल्याकडे थिएटरात यायला २०१५चा एप्रिल उजाडला. मग तुमच्या सिनेमाचं काय? तोवर भाडं कोण भरणार?

हे काम सोड, असं मी म्हणत नाही. ‘कोर्ट’मधली गीतांजली कुलकर्णींची ती सरकारी वकील आठव. कोर्टात कडक बोलते, लोकलमध्ये साडीच्या गप्पा मारते आणि घरी येऊन स्वयंपाकाला लागते. असं काम बाईच्या वाट्याला रोज येत नाही. पण १९८२ साली स्मिता पाटीलचा ‘उंबरठा’ आला, तसा ‘नमक हलाल’सारखा मसालापटही आला. त्याने ती लहान झाली नाही. मालिकेला नाही म्हणालीस म्हणे. एकदा पुन्हा विचार कर.

राज्य नाट्य स्पर्धेनंतर मला मुंबईहून बोलावणं आलं होतं, तुला ठाऊक आहे. आबा नाही म्हणाले, मी गप्प बसले. अजून टीव्हीवर जुनं नाटक लागलं की मी उठून आत जाते. तुझ्या वेळी दादाशी भांडले ती त्यासाठीच. तू उपाशी राहावंस म्हणून नव्हे.

फार बोलले का गं? रडू नकोस. पाटलीची पावती पाठव, मी सोडवून आणते. दादाला कळणार नाही. मेतकूट आणि तिखट पाठवतेय, भात तरी लावत जा. कराराचं मात्र याच आठवड्यात बघ, लाजू नकोस.

सिनेमा पुण्याच्या महोत्सवात लागला तर आधी कळव. मी सकाळपासून रांगेत उभी राहीन, दादालाही घेऊन येईन.

तुझी,
आत्या