मेळ म्हणजे काय?

नाटक पाहताना आपले लक्ष बहुधा प्रमुख नटाकडे असते. परंतु प्रयोग उभा राहतो तो मेळावर. मेळ म्हणजे अनेकांची गर्दी नव्हे. परस्परांकडे कान देऊन साधलेले एक कार्य होय. विजय तेंडुलकरांचे ‘घाशीराम कोतवाल’ १९७२ साली पुण्यात रंगभूमीवर आले. जब्बार पटेलांचे दिग्दर्शन आणि भास्कर चंदावरकरांचे संगीत लाभलेल्या त्या प्रयोगात नटांची एक रांग गाई, नाचे आणि क्षणात प्रेक्षकांकडे पाठ फिरवून भिंत होई. एकाचा जरी ताल चुकला, तरी त्या भिंतीला भगदाडच पडावयाचे! म्हणून संमेलनात लहान भूमिका वाट्यास आली, तरी आपण खट्टू होऊ नये. स्वतःचे वाक्य संपल्यावरही दुसऱ्याचे मन लावून ऐकणे, हीच मेळाची पहिली साधना होय.