हप्ता परवडतो, पण घर कितीला पडतं? होम लोनचा पूर्ण हिशोब

मागच्या व्हिडिओत बोर्डवर आकडे जरा भराभर लिहिले गेले. "सर, थांबवून थांबवून बघावं लागलं" अशी तक्रार बऱ्याच जणांनी केली, म्हणून तोच धडा इथे सावकाश मांडतो. कॅल्क्युलेटर, वही आणि तुमचं कर्ज चालू असेल तर त्याचा उतारा घेऊन बसा.

धंद्याच्या चॅनेलवर घराच्या कर्जाचा विषय का, असं काही जणांनी विचारलं. कारण सरळ आहे. आपल्यासारख्या दुकानदाराच्या घरी सगळ्यात मोठी खरेदी घराचीच असते आणि तिचा हप्ता गल्ल्यातूनच जातो. तो हप्ता चुकीचा बसला की माल भरायला पैसा उरत नाही. आपण बाजारात चादरीच्या एका गठ्ठ्यावर वीस रुपयांसाठी अर्धा तास घासाघीस करतो, आणि २५ लाखांच्या कर्जावर मात्र साहेबांना एकच विचारतो, "हप्ता किती बसेल?"

उदाहरण घेऊ. जुळे सोलापुरात किंवा होटगी रोडला ३० लाखांचा फ्लॅट बघितला. ५ लाख घरचे, २५ लाख कर्ज, व्याज ८.५ टक्के, मुदत २० वर्षं. हप्ता येतो २१,६९६ रुपये. २४० हप्त्यांची बेरीज होते ५२ लाख ७ हजार. म्हणजे २५ लाख मुद्दल आणि २७ लाख ७ हजार व्याज. घरचे ५ लाख धरले तर ३० लाखांचं घर ५७ लाखांना पडलं. यात मुद्रांक शुल्क, नोंदणी फी (१ टक्का, जास्तीत जास्त ३० हजार), बांधकाम चालू असलेला फ्लॅट असेल तर जीएसटी, आणि राहायला जाण्याआधीचं फर्निचर धरलेलंच नाही. घर फक्त घरातल्या बाईच्या नावावर घेतलं तर महाराष्ट्रात मुद्रांक शुल्कात १ टक्का सवलत मिळते, तेवढं ध्यानात ठेवा.

आता मुदत बदलून बघा. तेच २५ लाख, तोच दर. १५ वर्षांना हप्ता २४,६१८ आणि एकूण व्याज १९ लाख ३१ हजार. ३० वर्षांना हप्ता १९,२२३ आणि एकूण व्याज ४४ लाख २० हजार. २० ऐवजी ३० वर्षं घेतली तर महिन्याला २,४७३ रुपये वाचतात आणि त्यासाठी १७ लाख १३ हजार जास्त व्याज जातं. मुदत वाढवली म्हणून हप्ता त्या प्रमाणात खाली येत नाही, हे इथे नीट बघा. मुदत दीडपट झाली, हप्ता मात्र जेमतेम ११ टक्के उतरला.

मुद्दल का हलत नाही

व्याज दर महिन्याला शिल्लक मुद्दलावर लागतं. पहिल्या महिन्यात शिल्लक पूर्ण २५ लाख, त्यावर ८.५ टक्क्यांनी एका महिन्याचं व्याज १७,७०८. तुम्ही भरले २१,६९६. म्हणजे मुद्दलातून गेले फक्त ३,९८८. पुढच्या महिन्यात शिल्लक तेवढीच कमी, व्याज किंचित कमी, मुद्दलात किंचित जास्त. असं हळूहळू चालतं.

५ वर्षांनी काय होतं? ६० हप्ते, म्हणजे १३ लाखांच्या वर रक्कम भरून झालेली असते. मुद्दल उतरलेलं असतं २ लाख ९७ हजार. १० वर्षांनी, अर्धी मुदत संपल्यावर, साडेसतरा लाख अजून शिल्लक असतात. निम्मं मुद्दल फिटायला १३ वर्षं १० महिने लागतात. बँक फसवते असं नाही, गणितच तसं आहे. पण गणित तसं आहे म्हणूनच सुरुवातीच्या वर्षांत तुम्ही काय करता याला फार किंमत आहे.

पहिल्या वर्षाच्या शेवटी १ लाख जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर शेवटचे जवळपास २१ हप्ते उडतात. साडेचार लाखांच्या वर देणं वाचतं. तेच १ लाख पंधराव्या वर्षाच्या शेवटी भरले तर साधारण ७ हप्ते वाचतात, म्हणजे दीड लाख. दोन्ही वेळेला १ लाखच, फरक फक्त कधी भरले याचा. दरवर्षी एक हप्ता जादा भरायची सवय लावली, समजा दिवाळीचा सीझन झाल्यावर, तर २० वर्षांचं कर्ज १६ वर्षं ८-९ महिन्यांत संपतं आणि व्याजात ५ लाखांच्या आसपास फरक पडतो.

फ्लोटिंग दराच्या होम लोनवर वैयक्तिक कर्जदाराला मुदतीआधी पैसे भरण्याचा दंड लागत नाही. बँकांसाठी हा नियम २०१२ पासून आहे. तरी काउंटरवर कोणी "चार्ज लागेल" म्हणालं तर लेखी मागा. जादा पैसे भरताना अर्जात स्पष्ट लिहा की मुदत कमी करायची आहे, हप्ता नाही. हे लिहिलं नाही तर कुठला पर्याय लागेल ते तुमच्या हातात राहत नाही.

माझं ३६० हप्त्यांचं प्रकरण

हा भाग व्हिडिओत सांगताना मलाच जरा ओशाळल्यासारखं झालं होतं. बीबीए केलेला माणूस, दुसऱ्यांना हिशोब शिकवणारा, आणि स्वतःचा मेसेज वाचला नाही.

एप्रिल २०२१ मध्ये मी २५ लाखांचं कर्ज घेतलं. रेपो दर तेव्हा ४ टक्के होता, कर्ज ७ टक्क्यांनी मिळालं. २० वर्षं, हप्ता १९,३८२. कर्ज रेपोला जोडलेलं होतं. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवीन फ्लोटिंग होम लोन अशा बाहेरच्या दराशी जोडावं लागतं. सही करताना मला त्याचं कौतुक वाटलं होतं, कारण तेव्हा दर खाली होते.

मे २०२२ पासून रिझर्व्ह बँकेने रेपो वाढवायला सुरुवात केली. फेब्रुवारी २०२३ पर्यंत ४ चा साडेसहा टक्के झाला. माझा दर ७ चा ९.५ झाला. हप्ता खात्यातून आपोआप जात होता, म्हणून मला काहीच जाणवलं नाही. बँकेचे एसएमएस आले होते, ते जाहिरातींच्या मेसेजात पडून राहिले.

मे २०२३ मध्ये सीएंना द्यायला उतारा काढला. २४ हप्ते भरून झाले होते, एकूण ४ लाख ६५ हजार. मुद्दल उतरलं होतं फक्त ९२ हजार. शिल्लक २४ लाख ८ हजार. त्यावर ९.५ टक्क्यांनी महिन्याचं व्याज १९,०६३, म्हणजे जुन्या हप्त्यातून मुद्दलात जात होते ३१९ रुपये. त्या चालीने कर्ज फिटायला ४३ वर्षं लागली असती. म्हणून बँकेने हप्ता २०,२४८ करून मुदत ओढून ३० वर्षांवर नेली होती. उताऱ्यावर "उरलेले हप्ते ३६०" असं छापलेलं होतं. सुरुवात २४० पासून केली, दोन वर्षं भरले, आणि उरले ३६०. बायकोला दाखवलं तर ती म्हणाली, "अहो, प्रिंटिंगची चूक असेल." चूक नव्हती.

दुसऱ्या दिवशी दुकान उशिरा उघडलं आणि शाखेत गेलो. विचारलं, मूळच्या मुदतीत म्हणजे उरलेल्या २१६ हप्त्यांत संपवायचं तर किती? २३,३०७. महिन्याला ३,०५९ जास्त. पण दोन्ही रस्त्यांची बेरीज करा. दर तोच राहिला असं धरलं तर ३६० हप्त्यांत द्यायचे ७२ लाख ८९ हजार, २१६ हप्त्यांत ५० लाख ३४ हजार. साडेबावीस लाखांचा फरक. मी तिथेच अर्ज दिला. ३ हजार रुपये काढायला दुकानात काय काय आवरावं लागलं ते वेगळ्या व्हिडिओत सांगेन. आनंदाने निघाले नाहीत एवढं खरं.

माझ्यासारखे पुष्कळ होते. १८ ऑगस्ट २०२३ ला रिझर्व्ह बँकेने परिपत्रक काढलं. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही, हे कर्जदाराला विचारायला हवं. फिक्स्ड दराकडे जाण्याचा पर्यायही २०२५ पर्यंत द्यावा लागत असे. दर तिमाहीला उतारा द्यायला हवा, ज्यात आतापर्यंत वसूल झालेलं मुद्दल आणि व्याज, हप्त्याची रक्कम आणि उरलेले हप्ते असतील. तो उतारा येतो. उघडून वाचायचं काम आपलं.

२०२५ मध्ये उलटं झालं. फेब्रुवारी ते डिसेंबरमध्ये रेपो ६.५ वरून ५.२५ वर आला. "साहेब, हप्ता कमी करून देऊ का?" असं विचारलं गेलं तर माझा सल्ला असा की जमत असेल तर हप्ता तोच ठेवा, मुदत कमी होऊ द्या. ज्यांचं कर्ज जुनं आहे, बेस रेट किंवा एमसीएलआरवर अडकलेलं आहे, त्यांनी शाखेत जाऊन आजच्या नवीन कर्जाचा दर विचारावा. फरक अर्ध्या टक्क्याचा असला तरी थोडी फी भरून बदलून घेणं बहुतेक वेळा परवडतं.

कर्जाला चिकटून येणारे खर्च

प्रोसेसिंग फी, वकील, मूल्यांकन हे एकदाचे खर्च, त्यावर फार वेळ घालवत नाही. ऑक्टोबर २०२४ पासून नवीन कर्जाला मुख्य तथ्यांचं पत्रक देणं बंधनकारक आहे. त्यात सगळे चार्जेस धरून वार्षिक दर किती पडतो ते लिहिलेलं असतं. दोन बँकांची तुलना त्या आकड्यावरून करा, बाहेरच्या बॅनरवरून नको.

विम्याकडे मात्र लक्ष द्या. कर्जासोबत एकरकमी हप्त्याचा विमा कर्जातच मिळवून दिला जातो. समजा ६० हजार. ८.५ टक्क्यांनी २० वर्षांत त्याचे होतात सव्वा लाख. विमा हवाच, कर्ज डोक्यावर असताना तर नक्कीच, पण साधा टर्म प्लॅन बाहेरून वेगळा घेता येतो. अमुकच कंपनीचा घ्या अशी सक्ती करता येत नाही.

करसवलतीच्या भरवशावर गणित मांडू नका. स्वतः राहत्या घराच्या व्याजावरची २ लाखांची वजावट आणि मुद्दलाची ८०सी जुन्या करपद्धतीतच मिळते. नवीन पद्धतीत असाल तर दोन्ही विसरा. उत्पन्न कमी असलेल्यांनी प्रधानमंत्री आवास योजना शहरी २.० जरूर तपासा. कुटुंबाचं वार्षिक उत्पन्न ९ लाखांपर्यंत, घर ३५ लाखांपर्यंत, कर्ज २५ लाखांपर्यंत आणि देशात कुठेही पक्कं घर नसेल, तर पहिल्या ८ लाखांवर ४ टक्के व्याज अनुदान आहे. जास्तीत जास्त १ लाख ८० हजार, ५ वार्षिक हप्त्यांत. हे पैसे आले की मुद्दलात जाऊ द्या.

कर्ज फेडू की माल भरू?

सगळ्यात जास्त विचारला गेलेला प्रश्न हा. हातात १ लाख आहेत, काय करू?

आधी महागडं देणं बघा. कॅश क्रेडिट ११-१२ टक्क्यांचं असेल तर ८.५ टक्क्यांच्या होम लोनआधी ते उतरवा. घाऊक व्यापाऱ्याची उधारी त्याहून महाग असते, फक्त दिसत नाही. ७ दिवसांत पैसे दिले तर २ टक्के सूट आणि नाहीतर ४५ दिवस, असा व्यवहार असेल तर ३८ दिवस पैसे वापरायला तुम्ही २ टक्के मोजताय. वर्षाला ते साडेएकोणीस टक्क्यांच्या आसपास जातं. अशा दुकानदाराने होम लोन लवकर फेडून फुशारकी मारू नये.

माल भरायचा तर तो फिरतो का ते बघा. वर्षात चार वेळा फिरणारा आणि दर फेरीला ८ टक्के निव्वळ देणारा माल असेल तर होम लोन चालू द्या, माल भरा. पण गोदामात दोन वर्षं पडलेल्या मालाला गुंतवणूक म्हणू नका. आणि कशाच्याही आधी सहा हप्त्यांएवढी रक्कम एफडीत बाजूला. २०२० मध्ये मार्च ते ऑगस्ट हप्ते पुढे ढकलायची सवलत मिळाली, पण व्याज थांबलं नव्हतं. २५ लाखांवर ८ टक्क्यांनी सहा महिन्यांचं ते १ लाख होतं, आणि शटर बंद होतं.

दुकानासाठी राहतं घर तारण ठेवायचा विचार असेल तर एकच सांगतो. हप्ता ९० दिवस थकला की खातं एनपीए, मग ६० दिवसांची नोटीस, आणि त्यानंतर बँक ताब्याची कारवाई सुरू करू शकते. घरातल्या सगळ्यांना समोर बसवून हे मोठ्याने वाचा आणि मग सही करा. पुरुषमाणसांनी परस्पर सह्या केलेली घरं मी बघितली आहेत.

गृहपाठ एवढाच: या आठवड्यात कर्जाचा उतारा काढा. शिल्लक मुद्दल, आजचा दर, उरलेले हप्ते, हे तीन आकडे वहीत लिहा आणि कर्ज घेतानाच्या मुदतीशी ताडून बघा. ज्यांचं कर्ज संपत आलंय त्यांनी शेवटच्या हप्त्यानंतर घराचे मूळ कागद मागून घ्या. ३० दिवसांत ते परत मिळाले पाहिजेत. बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५ हजार रुपये भरपाई आहे, १ डिसेंबर २०२३ पासून. बोजा उतरवल्याची नोंद उताऱ्यावर झाली का तेही तपासून घ्या.