एकेरीकडून जोडीकडे : वालेन्तीना मार्केई हिच्या कारकिर्दीच्या निमित्ताने



पत्रास कारण, चि. मृण्मयीच्या मनात सध्या चाललेला विचार. चाकांच्या स्केटवर इतकी वर्षे एकेरी प्रकारात खेळल्यानंतर प्रशिक्षकांनी तिला जोडी प्रकाराकडे वळण्याचे सुचवले आहे, आणि तेव्हापासून दोन शंका तिला सोडत नाहीत : एकेरी सोडणे म्हणजे हार मानणे नव्हे काय, आणि विसाव्या वर्षी नवा प्रकार शिकायला उशीर तर झालेला नाही ना. या शंकांना धीराचे चार शब्द पुरणार नाहीत. ज्या खेळाडूने हाच निर्णय अठ्ठाविसाव्या वर्षी घेतला, आणि तोही ऑलिंपिकमध्ये एकेरी खेळून आल्यानंतर लगेच घेतला, तिच्या कारकिर्दीचा नीट अभ्यास करणे अधिक उपयोगाचे ठरेल. ती खेळाडू म्हणजे इटलीची वालेन्तीना मार्केई.

मार्केईचा जन्म मिलानचा, 23 मे 1986 चा. फिगर स्केटिंग, म्हणजे बर्फाच्या रिंकवर संगीताच्या साथीने उड्या, गिरक्या आणि पदन्यास यांची सलग रचना सादर करण्याचा खेळ, तिने एकेरी प्रकारात आत्मसात केला आणि इटलीचे राष्ट्रीय विजेतेपद अनेकदा मिळवले. तरीही तिचे नाव इटलीबाहेर फारसे घेतले गेले नाही, कारण तिचा काळ हाच कारोलिना कोस्टनर हिचाही काळ होता. कोस्टनर पाच वेळा युरोपीय विजेती ठरली आणि 2012 साली फ्रान्समधील नीस येथे जगज्जेती झाली. त्याच नीसच्या स्पर्धेत मार्केई आठवी आली, आणि जगात आठवे येणे ही मोठी गोष्ट असूनही घरच्या वर्तमानपत्रांत त्या दिवशी दुसऱ्या नावाला जागा उरणे अवघड होते. एखाद्या देशाला ऑलिंपिकमध्ये किती खेळाडू पाठवता येतील हे मुख्यतः आदल्या वर्षीच्या जागतिक स्पर्धेतील कामगिरीवर ठरते, त्यामुळे जागा मोजक्याच असतात. 2006 चे हिवाळी ऑलिंपिक मिलानच्या शेजारीच तुरीनला भरले, 2010 चे व्हँकुव्हरला. या दोन्ही वेळी मार्केई संघात नव्हती.

तिने मात्र खेळ सोडला नाही. पुढे अमेरिकेत डेट्रॉईटच्या परिसरात 1994 ची जगज्जेती युका सातो आणि जेसन डंगेन या दांपत्याकडे तिने सराव केला, आणि 2014 साली रशियातील सोची येथे, सत्ताविसाव्या वर्षी, ती पहिल्यांदा ऑलिंपिकच्या बर्फावर उतरली. तीस स्पर्धकांत ती अकरावी आली. त्याच ऑलिंपिकमध्ये सांघिक स्पर्धा प्रथमच घेण्यात आली. या स्पर्धेत प्रत्येक देशाकडून एक पुरुष, एक स्त्री, एक जोडी आणि बर्फावरील नृत्याची एक जोडी असे चार घटक खेळतात, आणि छोटी रचना झाल्यावर मोठ्या रचनेसाठी काही खेळाडू बदलण्याची मुभा असते. इटलीने छोटी रचना कोस्टनरकडे आणि मोठी रचना मार्केईकडे सोपवली. संघ चौथा आला. पदक हुकलेल्या या संघातच इटलीची जोडी म्हणून स्तेफानिया बेर्तोन आणि ओन्द्रेई होतारेक हे दोघे होते, आणि पुढच्या घटनाक्रमाचे बीज तेथेच आहे.

होतारेकची वाटचालही वळणाची आहे. 25 जानेवारी 1984 रोजी चेकोस्लोव्हाकियातील ब्रनो येथे जन्मलेला हा खेळाडू आरंभी चेक प्रजासत्ताकाकडून एकेरी खेळत असे. नंतर जोडी प्रकारासाठी तो इटलीत आला. बेर्तोनसह त्याने 2013 साली झाग्रेब येथील युरोपीय स्पर्धेत कांस्यपदक मिळवले, आणि इटलीच्या कोणत्याही जोडीचे युरोपीय स्पर्धेतील ते पहिलेच पदक होते. सोचीनंतर ही जोडी फुटली. जोडी फुटणे या खेळात अपवादात्मक नाही, आणि त्यासाठी कोणी दोषी शोधणेही आवश्यक नाही. दोन शरीरे, दोन वये, दोन महत्त्वाकांक्षा आणि दोन घरे यांचा मेळ वर्षानुवर्षे टिकणे हीच खरे तर नवलाची बाब आहे. एकेरीतील प्रवास संपत आलेली मार्केई आणि जोडीदार न उरलेला होतारेक यांनी 2014 मध्ये एकत्र सराव सुरू केला, आणि बेर्गामो येथे फ्रांका बियांकोनी यांच्या प्रशिक्षणाखाली त्यांची जोडी आकाराला आली. मार्केईचे जुने प्रशिक्षक डंगेन हे स्वतः क्योको इना हिच्यासह 1998 च्या नागानो ऑलिंपिकमध्ये जोडीत चौथे आलेले खेळाडू होते, हेही येथे ध्यानात ठेवण्यासारखे आहे. एकेरीत असतानाही जोडीचे ज्ञान तिच्या अवतीभवती होते.

आता या निर्णयाचा अर्थ समजण्यासाठी जोडी प्रकारात नेमके काय करावे लागते हे पाहिले पाहिजे, कारण चि. मृण्मयीची पहिली शंका याच अज्ञानातून निघालेली दिसते. जोडी म्हणजे दोघांनी मिळून अर्धे-अर्धे ओझे वाहणे, असा समज बाहेरच्या माणसाचा असतो. प्रत्यक्षात एकेरीतील उड्या आणि गिरक्या जोडीतही असतातच, फक्त त्या शेजारी शेजारी, एकाच क्षणी आणि एकाच वेगाने कराव्या लागतात. त्याखेरीज एकेरीत अजिबात नसलेल्या चार गोष्टी नव्याने येतात. पहिली लिफ्ट, जिच्यात पुरुष सरकत आणि गोल फिरत असताना स्त्रीला डोक्याच्या वर उचलून धरतो आणि नियमानुसार स्वतः साडेतीनपेक्षा अधिक फेरे घेऊ शकत नाही. दुसरी ट्विस्ट, जिच्यात स्त्रीला वर भिरकावले जाते, ती हवेत आडवी गिरक्या घेते आणि खाली येताना पुरुष तिला कमरेपाशी झेलतो. तिसरी थ्रो, म्हणजे पुरुषाच्या फेकीच्या बळावर स्त्रीने घेतलेली आणि एकटीने पावलावर उतरवलेली उडी. चौथी डेथ स्पायरल, जिच्यात पुरुष गुडघे वाकवून एका जागी खुंटासारखा फिरतो आणि त्याचा एक हात धरलेली स्त्री एका पायाच्या धारेवर, जवळजवळ बर्फाला समांतर होऊन, डोके बर्फालगत ठेवून त्याच्याभोवती वर्तुळ काढते.

या चारही गोष्टींच्या मुळाशी एकच कौशल्य आहे, आणि ते एकेरीत शिकवले जात नाही. श्रावणात दोघी मुली हातात हात गुंफून फुगडी घालतात तेव्हा फिरण्याचा आस त्या दोघींपैकी एकीच्याही अंगातून जात नाही, दोघींच्या मध्ये उभा राहतो. म्हणूनच एकीने भीतीने आपले वजन मागे न टाकता स्वतःकडेच राखून ठेवले की फुगडी मोडते. जोडीतील स्त्री खेळाडूला नेमके हेच, पण बर्फावर आणि कितीतरी अधिक वेगात करावे लागते. एकेरीत वर्षानुवर्षे मुरलेली सवय याच्या नेमकी उलट असते. एकेरी खेळाडूचे सर्व सामर्थ्य स्वतःला सावरण्यात असते. उडी किंचित कलली तर हवेतच खांदा आवळून, कंबर फिरवून ती दुरुस्त करायची, हे तिच्या अंगात इतके भिनलेले असते की विचार करण्यापूर्वीच ते घडते. लिफ्टमध्ये वर गेलेल्या स्त्रीने अशी दुरुस्ती केली, तर खालच्या पुरुषाने जो तोल धरला आहे तो ढळतो. थ्रोमध्ये तिने आपल्या सवयीने आधीच उडी घेतली, तर फेकीचे बळ वाया जाते आणि उंची मिळत नाही. थोडी थांबली तरच ते बळ तिच्या उडीत उतरते. मार्केईला अठ्ठाविसाव्या वर्षी शरीराला जे शिकवावे लागले ते हे होते, आणि उत्तम एकेरी खेळाडूला ते नवशिक्या मुलीपेक्षा कठीण जाते, कारण तिला शिकण्याआधी काहीतरी विसरावे लागते. जोडीसाठी बहुधा लहान चणीच्या मुली लहानपणीच निवडल्या जातात, यामागे वजनाइतकेच हेही कारण असावे.

विश्वास हा शब्द या संदर्भात फार सैलपणे वापरला जातो. जोडीदारावरचा विश्वास ही केवळ मनाची अवस्था नाही. जमिनीवर गादी अंथरून, प्रशिक्षकाच्या देखरेखीखाली, पकड आणि उतरणे यांची हजारदा केलेली उजळणी म्हणजे विश्वास. जो जोडीदार आवडतो, ज्याच्याशी गप्पा जमतात, तो विश्वासार्ह असेलच असे नाही. जो दमल्यावरही पकड बदलत नाही आणि पडताना आधी स्वतःचे शरीर खाली घालतो, तो विश्वासार्ह.

मार्केईने आपल्याबरोबर जे आणले त्याचेही मोल मोठे होते. तिहेरी उड्यांचा, म्हणजे हवेत तीन पूर्ण फेरे घेऊन उतरण्याचा, तिचा अनुभव अनेक जोडी खेळाडूंपाशी नसतो, कारण त्यांचे बालपण लिफ्ट आणि ट्विस्ट यांत गेलेले असते. थ्रोमधून एका पायावर उतरतानाही हाच अनुभव कामी येतो. शिवाय प्रेक्षकांसमोर एकटीने उभे राहून चार मिनिटे सर्वांचे लक्ष धरून ठेवण्याची कला तिच्यात होती, आणि तिच्या सादरीकरणातील आनंद कोणालाही दिसण्याजोगा होता. 2016 च्या युरोपीय स्पर्धेत ब्रातिस्लाव्हा येथे ही जोडी चौथी आली. दोन वर्षांपूर्वीपर्यंत लिफ्टचा अनुभवही नसलेल्या खेळाडूच्या बाबतीत हा क्रमांक विलक्षण मानावा लागेल.

2018 साली दक्षिण कोरियातील प्यॉंगचांग येथे मार्केई दुसऱ्यांदा ऑलिंपिकला गेली, तेव्हा ती एकतीस वर्षांची होती आणि होतारेक चौतीस वर्षांचा. सांघिक स्पर्धेतील मोठी रचना या जोडीने सादर केली आणि त्या रचनेत पाच संघांत दुसरा क्रमांक मिळवला. संघ मात्र पुन्हा चौथाच राहिला. जोडीच्या मुख्य स्पर्धेत बावीस जोड्यांत ती दोघे सहावी आली. सोचीतील अकरावे स्थान आणि येथील सहावे स्थान यांची थेट तुलना करणे योग्य होणार नाही, कारण जोडी प्रकारात स्पर्धक कमी असतात आणि दोन्हींचे गुण वेगळ्या गोष्टींना मिळतात. या जोडीला युरोपीय किंवा जागतिक स्पर्धेचे पदक कधीच मिळाले नाही, हेही लपवण्याचे कारण नाही. त्याच दिवशी सुवर्णपदक जिंकलेली जर्मनीची अल्योना सावचेंको चौतीस वर्षांची होती, ते तिचे पाचवे ऑलिंपिक होते आणि ब्रुनो मासो या नव्या जोडीदारासह छोट्या रचनेनंतर चौथी असताना ती अव्वल आली. वयाबद्दलची शंका दूर करण्यास सावचेंकोचे उदाहरण अधिक झळझळीत आहे. तरीही या पत्रात मार्केई निवडण्याचे कारण असे की सावचेंको आयुष्यभर जोडीचीच खेळाडू होती, तर मार्केईने पाया बदलला. पदकाने सिद्ध न होणारा निर्णयही बरोबर असू शकतो, आणि मार्केईचा निर्णय तसा होता; खेळ थांबवण्याच्या वयात तिला खेळाचे एक संपूर्ण नवे शास्त्र हाती आले, आणि हार मानणारी व्यक्ती ते करत नाही.

यानंतरच्या काळात इटलीतील जोडी प्रकारही पुढे गेला. होतारेक पुढे बेर्गामोत प्रशिक्षक झाला, आणि जोडी प्रकारात 2013 पूर्वी जिच्याकडे एकही युरोपीय पदक नव्हते त्या इटलीच्या सारा कोंती आणि निक्कोलो माचीई यांनी 2023 साली एस्पो येथे युरोपीय सुवर्ण आणि सायतामा येथे जागतिक कांस्य जिंकले. एस्पोचे रौप्यही इटलीच्याच जोडीकडे गेले.

चि. मृण्मयी चाकांवर खेळते, बर्फावर नाही, हा भेद खरा आहे, परंतु तो वाटतो तेवढा मोठा नाही. प्यॉंगचांगमध्ये निकोल देल्ला मोनिका हिच्यासह दहावा आलेला मात्तेओ ग्वारीझे हा आधी चाकांच्या स्केटवरील जोडी प्रकारात जगज्जेता होता, आणि तेथे शिकलेली पकड व उचल घेऊनच तो बर्फावर आला. चाकांवरील जोडीतही वजन सोपवण्याचे कौशल्य तेच आहे. सिमेंटच्या वा लाकडी पृष्ठभागावर पडणे मात्र बर्फावर पडण्याइतकेच, किंबहुना अधिक, घातक आहे.

म्हणून प्रशिक्षकांना होकार देण्यापूर्वी काही गोष्टी चि. मृण्मयीने स्पष्ट विचारून घ्याव्यात. नियोजित जोडीदार कोणत्या दिशेने फिरतो, हे पहिले. दोघांची गिरकीची दिशा उलट असेल तर एकाला बालपणापासूनची सवय मोडावी लागते आणि त्यात मोठा काळ जातो. लिफ्ट प्रथम जमिनीवर, गादीवर शिकवली जाईल काय, आणि डोक्याला मार लागल्यास सराव थांबवण्याचा अधिकार कोणाकडे राहील, हे दुसरे. याचे उत्तर अस्पष्ट मिळाल्यास तेथे जाऊ नये, मग प्रशिक्षक कितीही नामवंत असोत. इटलीत अनेक खेळाडू पोलीस वा लष्कर यांच्या क्रीडापथकांत नोकरीस असतात, त्यामुळे तिशीपर्यंत खेळत राहणे त्यांना परवडते. तशी सोय हाताशी नसताना महाविद्यालयाचे शेवटचे वर्ष जोडीच्या सरावासाठी सोडून देणे कोणत्याही परिस्थितीत मान्य होण्यासारखे नाही, आणि याबाबत घरातील सर्वांचे मत एकच आहे. सरावाची वेळ सकाळची ठरवता येते काय, याची चौकशी प्रशिक्षकांकडे याच आठवड्यात करावी, आणि उत्तर येईल ते घरी कळवावे.

कळावे, हे आशीर्वाद.

— काका