कोयता पडल्यानंतरचं शहाळं

दवाखान्यात कुणाला भेटायला जायचं तर रिकाम्या हाताने जायचं नाही, ही रीत नाशिककर इमानाने पाळतात. एकेकाळी हातात मोसंब्यांची पिशवी असायची, आता शहाळी असतात. त्र्यंबक नाक्याजवळचं जिल्हा रुग्णालय असो की गल्लीतलं छोटं प्रसूतिगृह, जवळपास शहाळ्यांची गाडी सापडतेच. उन्हाळ्यात पारा चाळिशीला टेकला की हीच शहाळी घरोघरी येतात आणि गंगापूर रोडपासून सिडकोपर्यंतच्या स्वयंपाकघरांत त्यांच्या पाण्यात लिंबू, पुदिना, सब्जा, कोकम, द्राक्षं पडू लागतात. ही हौस चांगलीच आहे. रंग आणि साखर घातलेल्या बाटलीपेक्षा घरचं शहाळ्याचं पेय केव्हाही सरस.

मात्र एक समज आपल्याकडे फार घट्ट बसला आहे. शहाळं म्हणजे देवाघरचं पाणी, त्याने कुणाला काय होणार? न फोडलेल्या, निरोगी शहाळ्यापुरतं हे जवळपास खरं आहे. कवटीच्या आतलं पाणी जवळजवळ निर्जंतुक असतं. पण कोयत्याचा घाव बसला की ते दुधासारखंच नाशवंत होतं, आणि दुधाची जी काळजी घराघरात सवयीने घेतली जाते ती शहाळ्याच्या वाट्याला येत नाही.

एप्रिल 2024 मध्ये मंगळूरजवळच्या अड्यार इथे याचा मोठा दाखला मिळाला. शहाळ्यापासून पदार्थ बनवणाऱ्या एका कारखान्यात उरलेलं पाणी सुटं, लिटरच्या भावाने विकलं जात होतं. दिवस उन्हाचे आणि भाव स्वस्त. लोकांनी बाटल्या भरून ते घरी नेलं, घरातले सगळे ते प्याले. काही दिवसांतच शंभराहून अधिक लोक उलट्या-जुलाबांनी आजारी पडले, काहींना दवाखान्यात दाखल करावं लागलं. आरोग्य खात्याने तिथे धाव घेऊन नमुने तपासणीला पाठवले. त्या पाण्याचं शहाळं कधी फुटलं, ते कुठल्या भांड्यात किती वेळ राहिलं, हे विकत घेणाऱ्याला कळायला मार्गच नव्हता.

शहाळ्याचं पाणी इतक्या लवकर का बिघडतं, याचं कारण त्याच्या घडणीत आहे. लिंबाच्या रसाचा सामू, म्हणजे पीएच, दोन ते तीनच्या दरम्यान असतो, म्हणून त्यात जंतूंचं फारसं चालत नाही. शहाळ्याच्या पाण्याचा सामू पाचच्या आसपास, त्यात थोडी साखर आणि भरपूर क्षार. जंतूंना वाढायला एवढं पुरेसं आहे. शिवाय या पाण्यात पॉलिफिनॉल ऑक्सिडेज आणि पेरॉक्सिडेज ही दोन विकरं असतात. हवा लागली की त्यांचं काम सुरू होतं आणि पाणी आधी गुलाबी, मग तपकिरी दिसू लागतं. तापवलं तर जंतू मरतात, पण शहाळ्याची चवही जाते. म्हणून संयुक्त राष्ट्रांच्या अन्न व कृषी संघटनेने 2007 मध्ये लहान उद्योजकांसाठी काढलेल्या बाटलीबंद नारळपाण्याच्या पुस्तिकेत सारा भर स्वच्छतेवर आणि झटपट थंड करण्यावर आहे. घरच्या फ्रिजमध्ये 4 अंश सेल्सियसच्या आसपास थंडावा मिळतो, तेवढा पुरतो. ओट्यावर मात्र मे महिन्याच्या दुपारी तासाभरापेक्षा जास्त वेळ हे पाणी राहू नये. तापमान 32 अंशांच्या वर असताना कुठल्याही नाशवंत पदार्थासाठी अन्नसुरक्षेचे जाणकार हीच मर्यादा सांगतात.

जुलाब-उलट्या बहुतेकदा काही दिवसांत आटोक्यात येतात. डेन्मार्कमधली घटना त्याहून फार गंभीर होती. तिथल्या एका 69 वर्षांच्या गृहस्थांनी सोललेलं, स्ट्रॉ घालून प्यायचं शहाळं आणलं होतं. ते 4 ते 5 अंशांत ठेवायचं होतं, पण महिनाभर स्वयंपाकघरातल्या टेबलावर पडून राहिलं. एक दिवस त्यांनी स्ट्रॉने घोट घेतला, चव घाण लागली म्हणून लगेच थांबले. फोडून पाहिलं तर आत बुळबुळीत आणि सडलेलं. साडेचार तासांनी दरदरून घाम, मळमळ, उलट्या सुरू झाल्या, मग भ्रम आणि तोल जाणं. अतिदक्षता विभागात सगळे उपाय होऊनही पाणी प्याल्यानंतर साधारण सव्वीस तासांनी ते गेले. ‘इमर्जिंग इन्फेक्शस डिसीजेस’ या वैद्यकीय नियतकालिकात 2021 मध्ये ही हकीकत छापून आली. शहाळ्यात आर्थ्रिनियम जातीची बुरशी आणि तिने तयार केलेलं 3-नायट्रोप्रोपियॉनिक आम्ल हे विष सापडलं. ते मेंदूच्या पेशींचा ऊर्जापुरवठाच बंद पाडतं, आणि त्यावर उतारा नाही.

हेच विष उसातही होतं. उत्तर चीनमध्ये 1970 आणि 80 च्या दशकांत हिवाळाभर साठवलेला बुरसटलेला ऊस खाऊन शेकडो लोकांना विषबाधा झाली, त्यांत लहान मुलं पुष्कळ होती, आणि कित्येकांचे जीव गेले. तेव्हा रसवंतीत उभं राहताना ऊस आतून लालसर किंवा आंबूस वासाचा आढळला तर तो रस नाकारावा.

अशी विषबाधा फार विरळा आहे, याची नोंद इथे करायलाच हवी. ताजं शहाळं पिणाऱ्याने धसका घ्यायचं कारण नाही. पण चव बिघडलेली लागली की गिळायचं नाही, थुंकून टाकायचं आणि चूळ भरायची, ही गोष्ट घरातल्या लहान मुलांनाही शिकवावी. ‘पैसे दिलेत, वाया कशाला घालवायचं’ हा विचार इथे करायचा नसतो.

पूजेच्या नारळालाही हाच नियम. रामकुंडावर, कपालेश्वरापाशी, वणीच्या सप्तशृंगगडावर वाढवलेल्या नारळाचं पाणी तीर्थ म्हणून ओंजळीत घेतलं जातं. नारळ नासका निघाला तर मन खट्टू होतं, शकुन-अपशकुनाची कुजबुज होते, आणि तेवढ्यात कुणीतरी श्रद्धेने थेंबभर पाणी जिभेवर ठेवतं. ते ठेवू नये. देवापुढे हात जोडावेत आणि दुसरा नारळ आणावा. घेतानाच नारळाच्या डोळ्यांपाशी ओल किंवा बुरशी दिसते का, कवटीला तडा आहे का, हे पाहिलं तर बहुतेक नासके नारळ दुकानातच मागे राहतात.

आता शहाळ्याच्या खरेदीकडे वळायचं. नाशिक हा द्राक्षांचा आणि कांद्याचा जिल्हा, नारळाचा नव्हे. महाराष्ट्रातल्या शहरांना शहाळ्यांचा मोठा पुरवठा कर्नाटकातून होतो. मंड्या जिल्ह्यातलं मद्दूर हा त्यांचा देशातला एक मोठा बाजार, आणि तिथून नाशिक हजार किलोमीटरच्या आसपास. म्हणजे गाडीवरचं शहाळं झाडावरून उतरून काही दिवस झालेले असतात. त्यामुळे देठाची बाजू पाहणं महत्त्वाचं. ती काळी पडून ओलसर, मऊ झाली असेल तर ते शहाळं सोडून द्यावं. हिरव्या, तडा नसलेल्या सालीचं आणि हाताला जड लागणारं शहाळं घ्यावं. कानाशी हलवल्यावर फार खळखळलं तर पाणी कमी झालेलं असतं.

हल्ली सोललेली पांढरी शहाळी प्लास्टिकच्या पातळ वेष्टनात मिळतात. दिसायला स्वच्छ, फ्रिजमध्ये मावणारी. पण सालीचं जाड कवच गेलेलं असल्याने जपावं लागतं ते यांनाच. केरळ कृषी विद्यापीठाने यासाठी पद्धत बसवली आहे: सोललेली शहाळी सायट्रिक आम्ल आणि पोटॅशियम मेटाबायसल्फाइट यांच्या प्रत्येकी अर्धा टक्का द्रावणात तीन मिनिटं बुडवायची आणि 5 ते 7 अंशांत ठेवायची, म्हणजे 24 दिवसांपर्यंत टिकतात. यातला थंडावा वगळला की बाकी सगळं फुकट. भर उन्हात हातगाडीवर रचलेली सोललेली शहाळी दिसली तर घेऊ नयेत.

ज्यांना घरी कोयता चालवायची सवय नाही, त्यांनी शहाळं गाडीवाल्याकडून वरून तासून घ्यावं, पण भोक पाडू देऊ नये. घरी आणून ते वाहत्या पाण्याखाली धुवावं, पुसावं आणि मगच टोकाशी उघडावं. गाडीवरच्या कोयत्याचं पातं दिवसभर धूळ, हात आणि बादलीतलं पाणी यांतून फिरत असतं. पाणी गाळणीतून काचेच्या किंवा स्टीलच्या भांड्यात घ्यावं आणि त्यात काहीही मिसळण्याआधी नुसतं पाहावं, हुंगावं. उघडताना फसकन हवा सुटली, वास आंबूस आला, मलई बुळबुळीत लागली, तर ते टाकून द्यावं. हा क्रम लेखिकेच्या घरी आता ठरून गेला आहे, कारण कोकम आगळ किंवा बीट घातलं की पेय मुळातच लाल होतं आणि पाण्याचा बदललेला रंग त्याखाली झाकला जातो.

पेयं सोपी आहेत. दोन शहाळ्यांच्या पाण्यात एका लिंबाचा रस, हातावर चुरडलेली पुदिन्याची सात-आठ पानं आणि चिमूटभर मीठ. घाम गाळून आलेल्या माणसाला मिठाची ती चिमूट हवीच, कारण शहाळ्यात सोडियम तुलनेने कमी असतं. सब्जा वेगळा, साध्या पिण्याच्या पाण्यात पंधरा-वीस मिनिटं भिजवावा आणि पितेवेळी घालावा. कोकम आगळ पेलाभर पाण्याला चहाचा एक चमचा पुरतो. आगळ मुळात खारट असतं, तेव्हा वरून मीठ नको. पातळ मलई त्याच शहाळ्याच्या पाण्यात मिक्सरमधून फिरवली आणि वेलची घातली तर उपवासालाही चालणारं दाटसर पेय होतं, मात्र मलई घातलेलं पेय साठवायचं नाही, करायचं आणि प्यायचं. लिंबू, कोकम घातलेली आंबट पेयं तांब्या-पितळेच्या भांड्यात ठेवू नयेत.

नाशिकच्या घराला शोभेल असं पेय द्राक्षांचं. जानेवारी ते एप्रिल हा आपला हंगाम. द्राक्षं मिठाच्या पाण्यात थोडा वेळ ठेवून, दोन-तीनदा स्वच्छ धुऊन, पुसून फ्रीजरमध्ये घट्ट करावीत. शहाळ्याच्या गार पाण्यात ती मूठभर टाकली की बर्फ लागतच नाही, पेय पातळ होत नाही आणि शेवटी खायला द्राक्षं उरतात. उरलेलं ताजं शहाळ्याचं पाणीही बर्फाच्या ट्रेमध्ये गोठवता येतं आणि पुढच्या पेयात त्याचेच खडे वापरता येतात.

बर्फाचा मुद्दा किरकोळ नाही. बाजारातला लादीचा बर्फ बराचसा मासळी आणि माल थंड ठेवण्यासाठी बनतो, त्याला पिण्याचं पाणी वापरलेलं असेलच असं नाही. म्हणून महाराष्ट्राच्या अन्न व औषध प्रशासनाने 2018 मध्ये अखाद्य बर्फात निळा रंग घालणं बंधनकारक केलं. निळसर बर्फ पेल्यात नकोच. घरी पेय करणाऱ्याने उकळून गार केलेल्या पाण्याचा बर्फ करावा.

मलई नसलेलं तयार पेय झाकून फ्रिजमध्ये ठेवलं तर दुसऱ्या दिवसापर्यंत चालतं. त्यापुढे नाही.

या सगळ्याहून नाजूक प्रश्न पिणाऱ्याचा आहे. शहाळ्याच्या 100 मिलिलिटर पाण्यात साधारण 200 ते 250 मिलिग्रॅम पोटॅशियम असतं. एका भरलेल्या शहाळ्यात एका मोठ्या केळ्याहून अधिक. निरोगी मूत्रपिंड जास्तीचं पोटॅशियम सहज बाहेर टाकतं. ज्यांचं मूत्रपिंड थकलेलं आहे, किंवा जे टेल्मिसार्टन, लोसार्टन, एनालाप्रिल, स्पायरोनोलॅक्टोन यांसारखी रक्तदाबाची वा हृदयविकाराची औषधं घेतात, त्यांच्या रक्तात ते साठू शकतं, आणि त्याचा घाला थेट हृदयाच्या ठोक्यांवर पडतो. प्रस्तुत लेखिकेच्या सासऱ्यांना मूत्रपिंडाचा जुना त्रास, त्यात रक्तदाबाची गोळी. तापासाठी दवाखान्यात ठेवलं होतं, आणि भेटायला येणारा प्रत्येक जण मायेने शहाळं आणत होता. रक्ताचा अहवाल आला तेव्हा पोटॅशियम 6 च्या वर होतं. ते साधारण 3.5 ते 5 असावं लागतं. डॉक्टरांनी पहिला प्रश्न विचारला तो ‘बाबांना शहाळं देताय का?’ हाच. शहाळी बंद झाली, उपचार मिळाले, ते घरी आले. आजार नसलेल्यालाही अतिरेक बाधू शकतो. अमेरिकेत दिवसभर उन्हात टेनिस खेळून नारळपाण्याच्या आठ बाटल्या प्यालेले एक 42 वर्षांचे गृहस्थ कोसळले, त्यांच्याही रक्तात पोटॅशियम धोकादायक वाढलेलं आढळलं. एका वैद्यकीय नियतकालिकाने 2014 मध्ये ती नोंद छापली. दिवसाला एक शहाळं, फार ऊन असेल तर दोन, हे निरोगी माणसाला पुरे.

जुलाब लागल्यावर ‘शहाळं दे, बरं वाटेल’ हा सल्लाही तपासून घ्यायला हवा. जुलाबात शरीरातून सोडियम मोठ्या प्रमाणात जातं आणि शहाळं ते पुरेसं देत नाही. जागतिक आरोग्य संघटनेच्या सूत्राप्रमाणे बनलेल्या जलसंजीवनीत, म्हणजे ओआरएसमध्ये, लिटरला 75 मिलिमोल सोडियम आणि तितकंच ग्लुकोज असतं. आतड्यातून पाणी शोषलं जाण्यासाठी या दोघांची जोडी लागते. 1971 च्या बांगलादेश युद्धाच्या काळात बनगावच्या निर्वासित छावणीत डॉ. दिलीप महालनबीस यांनी अशाच द्रावणाने पटकीच्या असंख्य रोग्यांना वाचवलं. शहाळं सोबत द्यायला हरकत नाही, पण ओआरएसच्या जागी नाही, आणि लहान बाळांच्या बाबतीत तर मुळीच नाही.

2027 मध्ये नाशिक-त्र्यंबकेश्वरला सिंहस्थ कुंभमेळा भरतो आहे. मोठी स्नानं ऐन पावसाळ्यात, ऑगस्ट-सप्टेंबरमध्ये येतील आणि शहरातल्या घराघरात पाहुणे उतरतील. त्यांच्यासाठी सकाळीच पातेलंभर शहाळ्याचं सरबत करून ठेवू नये. शहाळी न फोडता आणून ठेवावीत, माणूस आला की त्याच्यापुरतं एक उघडावं, आणि पेला हातात देण्याआधी मूत्रपिंडाचा त्रास किंवा रक्तदाबाची गोळी आहे का, एवढं विचारावं. ओआरएसची चार-पाच पाकिटंही घरात असू द्यावीत.